तीन निकालांचें परीक्षण

वाङ्मयास वाहिलेल्या मासिकांत न्यायालयाच्या निकालांचें परीक्षण कशासाठीं, असा प्रश्न कांहीं वाचक करतील. त्याचें उत्तर प्रारंभींच दिलेलें बरें. निकाल हाहि एक निबंधच आहे. त्यांत वस्तुस्थिति सांगावयाची असते, दोन्ही पक्षांचें म्हणणें मांडावयाचें असतें, कारणें द्यावयाचीं असतात, आणि त्या कारणांतून निर्णय अशा रीतीनें निघावा लागतो कीं, हरलेल्या पक्षास तो पटला नाहीं तरी समजावा. कादंबरी फसली तर वाचकाचे चार तास वायां जातात. निकाल फसला तर कोणाचें तरी वर्ष, क्वचित् आयुष्य, वायां जातें. इतक्या जोखमीच्या लेखनाकडे परीक्षकांनीं पाठ फिरवावी, याचेंच खरोखर आश्चर्य वाटलें पाहिजे.

आमच्या वाशीमला तर परीक्षणाचें वावडें असण्याचें कांहींच कारण नाहीं. वाकाटकांच्या एका शाखेची राजधानी असलेलें वत्सगुल्म तें हेंच. राजशेखरानें 'काव्यमीमांसे'त काव्यपुरुषाचा आणि साहित्यविद्यावधूचा विवाह याच नगरांत लावला आहे. त्याच ग्रंथांत त्यानें कवीच्या प्रतिभेहून निराळी अशी परीक्षकाची भावयित्री प्रतिभा मानली, आणि परीक्षकांचे चार वर्ग सांगितले. ज्यास कांहींच रुचत नाहीं तो अरोचकी. जो गवतासकट सारें गिळतो तो सतृणाभ्यवहारी. गुण दिसत असूनहि जो द्वेषानें ते कबूल करीत नाहीं तो मत्सरी. आणि खऱ्याचा छडा लावल्यावांचून जो थांबत नाहीं तो तत्त्वाभिनिवेशी. हे वर्ग काव्याच्या परीक्षकांचे खरे. परंतु कॉलेजांतील चौकशी-समित्यांनाहि ते तंतोतंत लागू पडतात, हें आम्हांस अलीकडे एका निमित्तानें उमगलें.

तें निमित्त असें. येथील एका वकील-मित्राकडे आमचें सायंकाळचें जाणेंयेणें आहे. गेल्या पावसाळ्यांत एकाच आठवड्यांत दोन शेतकरी गृहस्थ त्यांच्याकडे आलेले आम्हीं पाहिले. पहिल्याचा मुलगा परगांवच्या एका कॉलेजाच्या वसतिगृहांत राहणारा. नव्या विद्यार्थ्याचें रॅगिंग केल्याच्या आरोपावरून त्यास दोन ओळींच्या नोटिशीनें काढून टाकण्यांत आलें होतें. दुसऱ्याचा मुलगा निराळ्या कॉलेजांतला. तो रॅगिंगला कंटाळून, गादी-पेटी तेथेंच टाकून, रात्रीच्या एस.टी.नें घरीं परत आला होता. पहिला बाप म्हणाला, "पोराले कोनं इचारलंच नाई, वकीलसाहेब." चार दिवसांनीं दुसऱ्यानें जवळजवळ त्याच शब्दांत तेंच गाऱ्हाणें सांगितलें. एक आरोपीचा बाप आणि एक तक्रारदाराचा. दोघांचीं गाऱ्हाणीं परस्परांच्या विरुद्ध असावयास हवीं होतीं, तीं एकच निघालीं. ही गोष्ट आमच्या मनांतून जाईना, म्हणून मित्राच्या कपाटांतले निकाल आम्हीं वाचावयास घेतले. पुढील परीक्षण हें त्या वाचनाचें फळ आहे.

प्रथम थोडी पूर्वपीठिका. ऐकून घेतल्यावांचून शिक्षा देऊं नये, हें तत्त्व इंग्रजी कायद्यांत ज्या खटल्यानें ठसविलें तो खटला विद्यापीठाचाच होता. केंब्रिज विद्यापीठानें डॉ. रिचर्ड बेंटली या विख्यात पंडिताच्या पदव्या त्याचें म्हणणें न ऐकतां काढून घेतल्या, आणि १७२३ सालीं किंग्ज बेंच न्यायालयानें तो निर्णय टिकूं दिला नाहीं. त्या वेळीं न्यायमूर्ति फोर्टेस्क्यू यांनीं बायबलांतील दाखला दिला. आदमचा अपराध सर्वज्ञ परमेश्वरास ठाऊक नव्हता असें कोण म्हणेल? तरीहि त्यास बागेबाहेर घालविण्यापूर्वी परमेश्वरानें हांक मारून जाब देण्याची संधि दिली, असा त्यांच्या म्हणण्याचा भावार्थ. योगायोग असा कीं, याच बेंटलीनें पुढें १७३२ सालीं मिल्टनच्या 'पॅरॅडाइज लॉस्ट'ची, म्हणजे आदमच्या त्याच हकालपट्टीवरील महाकाव्याची, आवृत्ति काढली. आणि कवि हयात नसल्यामुळें त्याच्या ओळींवर स्वतःच्या मर्जीप्रमाणें शेंकडों दुरुस्त्या सुचविल्या. स्वतःसाठीं सुनावणी मिळविणाऱ्या या पंडितानें मिल्टनला मात्र ती दिली नाहीं. सुनावणीचें महत्त्व मनुष्यास आपल्यावर प्रसंग आल्यावरच कळतें, याचें याहून बोलकें उदाहरण सांपडणें कठीण.

आतां आपल्या राज्याच्या कायद्याकडे वळूं. महाराष्ट्रानें रॅगिंगविरुद्ध १९९९ सालीं स्वतंत्र कायदा केला. त्यांतील व्याख्या मुळांतून वाचण्यासारखी आहे. ज्या वर्तनानें विद्यार्थ्यास शारीरिक वा मानसिक इजा पोंचते, किंवा त्याच्या मनांत भय, लज्जा वा संकोच उत्पन्न होतो, तें सारें वर्तन ती कवेंत घेते. चिडविणें, शिवीगाळ, धमकावणी, अंगलट येणाऱ्या चेष्टा हें तर तींत आहेच. पण शेवटीं असेंहि म्हटलें आहे कीं, जी गोष्ट एखादा विद्यार्थी एरवीं आपखुषीनें करणार नाहीं ती त्यास करावयास सांगणें हेंहि रॅगिंगच. कायद्याच्या भाषेंत मनुष्यस्वभावाची इतकी जाण क्वचित् आढळते. मानोऱ्याहून किंवा रिसोडाहून मोठ्या शहरीं गेलेल्या मुलास चारचौघांत उभें करून त्याच्या वऱ्हाडी बोलीची नक्कल त्याच्याकडूनच करवून घेतात, आणि भेदरलेला तो मुलगाहि हंसतो. 'मौज होती, तोहि हंसत होता' हा नेहमींचा बचाव या एका वाक्यानें निकालांत निघतो. न्यायालयांत गुन्हा शाबीत झाल्यास दोन वर्षांपर्यंत कैद, दहा हजार रुपयांपर्यंत दंड, कॉलेजांतून हकालपट्टी आणि पांच वर्षें कोणत्याहि संस्थेंत प्रवेशबंदी, अशी शिक्षा आहे.

व्याख्येची जी वाहवा केली ती पुढील कलमांची मात्र करतां येत नाहीं. सहाव्या कलमाप्रमाणें तक्रार येतांच संस्थाप्रमुखानें सात दिवसांत चौकशी करावयाची, सकृद्दर्शनीं तथ्य दिसल्यास विद्यार्थ्यास निलंबित करावयाचें आणि तक्रार पोलीस ठाण्याकडे धाडावयाची. विद्यार्थ्यानें रॅगिंग केलें, हा प्रमुखाचा निर्णय अंतिम. आणि सातवें कलम सांगतें कीं, प्रमुखानें ही कारवाई करण्यांत कसूर केल्यास त्यानें गुन्ह्यास साह्य केलें असें समजलें जाईल. हीं दोन कलमें शेजारीं ठेवून वाचलीं म्हणजे प्रिन्सिपॉलची अवस्था ध्यानांत येते. त्याच्या हातीं अंतिम निर्णयाचा अधिकार दिला आहे आणि त्याच्या मानेवर सहआरोपी होण्याची तलवार टांगली आहे. कायद्याचें अक्षर पाहिलें तर प्रामाणिक चौकशीअंतीं तक्रारींत तथ्य नाहीं असें ठरविणें हा गुन्हा नव्हे; तसें ठरल्यास तक्रारदारास लेखी कळवावें, एवढेंच कायदा म्हणतो. परंतु भ्यालेला मनुष्य अक्षर वाचीत नाहीं. तो आपल्या अंगावरचें लवकर झटकूं पाहतो, आणि लवकर झटकण्याचा सोपा मार्ग म्हणजे ज्यांचीं नांवें पुढें आलीं त्या सर्वांस एकाच कागदानें घरीं पाठविणें.

असा कायदा कां करावा लागला, हेंहि विसरतां कामा नये. त्यापूर्वी बहुतेक संस्थाप्रमुख अरोचकी वर्गांतले होते. आलेली कोणतीहि तक्रार त्यांस रुचत नसे. कॉलेजाच्या अब्रूसाठीं ती दडपणें हेंच ते आपलें कर्तव्य मानीत. तमिळनाडूंत १९९६ सालीं पोन नवरसु या वैद्यकीय विद्यार्थ्याचा खून झाला, तेव्हां देशास हादरा बसला. सर्वोच्च न्यायालयानें २००१ मध्यें विश्व जागृति मिशनच्या अर्जावर मार्गदर्शक सूचना दिल्या. पुढें राघवन समितीच्या शिफारशी २००७ मध्यें लागू करविल्या. तरीहि ८ मार्च २००९ रोजीं हिमाचल प्रदेशांतील टांडा येथें अमन काचरू हा पहिल्या वर्षाचा विद्यार्थी मारहाणीनें दगावला, आणि त्याच वर्षीं विद्यापीठ अनुदान आयोगाचे कडक विनियम निघाले. त्यांत एक तरतूद अशी आहे कीं, अपराधी कोण हें ओळखतां आलें नाहीं तर सामुदायिक शिक्षा द्यावी. अरोचकी प्रमुखांवर उपाय म्हणून सतृणाभ्यवहारी नियम केला, असेंच याचें वर्णन करावें लागेल. पूर्वीं सारेंच थुंकून टाकीत, आतां सारेंच गिळावयाचें. दाणा आणि गवत वेगळें करण्याचें काम दोन्ही वेळीं राहूनच गेलें.

'अंतिम' या शब्दाचा अर्थहि नीट समजून घेतला पाहिजे. संविधानाच्या २२६ व्या अनुच्छेदानें हायकोर्टास दिलेला अधिकार राज्याच्या कायद्यांतील एका विशेषणानें हिरावला जात नाहीं. वाशीमच्या कॉलेजांतील विद्यार्थ्यास आयोगाच्या विनियमांखालीं शिक्षा झाली तर त्यास अमरावती विद्यापीठाच्या कुलगुरूंकडे अपील करतां येतें, आणि त्यापुढें मुंबई हायकोर्टाच्या नागपूर खंडपीठाचें दार आहे. मात्र तेथें जाणाऱ्यानें एक गोष्ट ओळखून असावी. अशा अर्जांत हायकोर्ट पुन्हां पहिल्यापासून चौकशी करावयास बसत नाहीं. मध्यरात्रीं वसतिगृहाच्या खोलींत काय घडलें यापेक्षां निर्णय कसा घेतला गेला, हें तें पाहतें. शिक्षा देणाऱ्यास अधिकार होता काय? आरोप स्पष्ट सांगितला काय? उत्तर ऐकून घेतलें काय? कारणें लिहिलीं काय? शिक्षा अपराधाच्या मानानें भलतीच जड तर नाहीं ना? म्हणजे हायकोर्ट हा परीक्षकांचा परीक्षक आहे. काव्य त्याच्यापुढें येत नाहीं, काव्यावरील टीका येते. हें लक्षांत ठेवून आतां तीन निकाल पाहूं.

पहिला निकाल १९७३ चा, रांची येथील राजेंद्र वैद्यकीय महाविद्यालयाचा. प्रकरण रूढ अर्थानें रॅगिंगचें नव्हे, पण वसतिगृहांतील छळाचेंच. १९७२ च्या जूनमध्यें एका रात्रीं कांहीं विद्यार्थी मुलींच्या वसतिगृहाच्या आवारांत शिरले आणि विवस्त्र स्थितींत त्यांनीं जो धिंगाणा घातला त्याचें वर्णन येथें करावयास नको. छत्तीस मुलींनीं प्रिन्सिपॉलकडे तक्रार केली. प्रिन्सिपॉलनें अध्यापकांची समिति नेमली. समितीनें मुलींच्या जबान्या आरोपी विद्यार्थ्यांच्या पश्चात् घेतल्या. त्यांच्या समोर मुलींना उभें केलें नाहीं. परंतु एवढ्यावर समाधान न मानतां तिनें आरोपींचीं छायाचित्रें इतर अनेक छायाचित्रांत मिसळून मुलींपुढें ठेवलीं आणि ओळख पटते काय, हें पाहिलें. नंतर आरोपींस बोलावून आरोप समजावून दिला व त्यांचें म्हणणें लिहून घेतलें. चौघांना दोन वर्षें काढून टाकण्यांत आलें. आमच्या समोर साक्षी झाल्या नाहींत, आम्हांस उलटतपासणी करतां आली नाहीं, म्हणून शिक्षा रद्द करावी, असें सांगत ते सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले.

न्यायालयानें त्यांचें म्हणणें फेटाळलें. निकाल लिहिणारे न्यायमूर्ति पालेकर हे मुंबई हायकोर्टांतून तेथें गेलेले. नैसर्गिक न्यायाचीं तत्त्वें सर्व ठिकाणीं एकाच सांच्यांतलीं नसतात. ज्या मुलींस त्याच आवारांत पुढें राहावयाचें आहे त्यांस आरोपींसमोर उभें केलें तर त्यांची सुरक्षितता धोक्यांत येईल आणि पुन्हां कोणी तोंड उघडणार नाहीं, असा त्या निकालाचा आशय आहे. या निकालाची खरी किंमत आमच्या मतें त्या छायाचित्रांत आहे. समितीनें तक्रारदारांवर अविश्वास दाखविला नाहीं आणि आंधळा विश्वासहि ठेवला नाहीं. आपल्याच साक्षीदारांची तिनें सभ्यपणें कसोटी घेतली. तत्त्वाभिनिवेशी परीक्षक म्हणतात तो हाच. सुनावणी म्हणजे उलटतपासणीच नव्हे, आणि तक्रारदाराचें नांव झांकूनहि आरोपीस न्याय देतां येतो, हें रांचीच्या त्या अध्यापकांनीं कृतीनें दाखविलें. न्यायालयानें केवळ त्यावर मोहोर उठविली.

एक सावधगिरी मात्र सांगितली पाहिजे. हा निकाल पुढें अनेक संस्थांच्या हातीं सबबीसारखा आला. 'साक्षी समोर घ्यावयाची गरज नाहीं' एवढेंच त्यांतून उचलावयाचें, आणि आरोप सांगणें, उत्तर घेणें, ओळख पारखणें हें सारें सोडून द्यावयाचें, असें करणें म्हणजे श्लोकाचा एक चरण पाठ करून अर्थ सांगावयास बसण्यासारखें आहे.

दुसरा निकाल या सबबीचें काय होतें तें दाखवितो. केरळांत वायनाड जिल्ह्यांतील पूकोडे येथें पशुवैद्यकीय महाविद्यालय आहे. तेथील दुसऱ्या वर्षाचा विद्यार्थी सिद्धार्थन हा फेब्रुवारी २०२४ मध्यें वसतिगृहांत मृत आढळला. मृत्यूपूर्वी वसतिगृहांतील विद्यार्थ्यांनीं त्यास मारहाण करून अपमानित केल्याचा आरोप पुढें आला, आणि सारें केरळ हळहळलें. लोकक्षोभ इतका होता कीं, विद्यापीठानें आरोपी विद्यार्थ्यांस तीन वर्षांची शिक्षणबंदी केली. त्या वेळीं त्या हुकुमाचें स्वागत न करणारा मनुष्य विरळाच असेल. परंतु डिसेंबर २०२४ मध्यें केरळ हायकोर्टाच्या न्यायमूर्तींनीं तो हुकूम रद्द केला. विद्यार्थ्यांस आपली बाजू मांडण्याची योग्य संधि मिळाली नव्हती; चौकशी नव्यानें करा, असें त्यांनीं फर्माविलें. नव्या चौकशीनंतर २०२५ सालीं विद्यापीठानें पुन्हां एकोणीस विद्यार्थ्यांवर हकालपट्टीची कारवाई केली.

या निकालावर जी टीका झाली ती आम्हांस उथळ वाटते. न्यायालयानें मारणाऱ्यांची बाजू घेतली, असें म्हणणाऱ्यानें पुढच्या वर्षीं काय घडलें तें पाहावें. चौकशी नीट करण्यास वेळ होता, साधनें होतीं, माणसें होतीं. तीच चौकशी पहिल्या खेपेस केली असती तर मृताच्या आई-बापांस वर्षाहून अधिक काळ तिष्ठत बसावें लागलें नसतें. कोर्टानें त्यांच्यावर अन्याय केला नाहीं. विद्यापीठाच्या घाईनें केला. घाईची शिक्षा दिसावयास कडक असते, पण ती पायांत कच्ची असते. पहिल्या धक्क्यास ती कोसळते, आणि कोसळतांना अपराध्यास निरपराध्याचा मान देऊन जाते. आरोपीचा सर्वांत मोठा कैवारी कोण, असें कोणी विचारलें तर आम्ही वकिलाचें नांव घेणार नाहीं. ज्यानें त्यास न ऐकतां शिक्षा दिली त्या अधिकाऱ्याचें घेऊं.

तिसरा निकाल आपल्याच राज्यांतला, आणि तिघांत वाचावयास अत्यंत अवघड. जळगांवकडील आदिवासी तडवी समाजांतून आलेल्या डॉ. पायल तडवी मुंबईच्या नायर रुग्णालयाशीं जोडलेल्या टोपीवाला वैद्यकीय महाविद्यालयांत स्त्रीरोगशास्त्राचें पदव्युत्तर शिक्षण घेत होत्या. २२ मे २०१९ रोजीं त्यांनीं आपलें जीवन संपविलें. वरिष्ठ असलेल्या तीन डॉक्टरांनीं जातीवरून आणि कामावरून त्यांचा छळ केला, असा आरोप झाला. तिघींस अटक झाली, कॉलेजानें निलंबित केलें, आणि ऑगस्ट २०१९ मध्यें हायकोर्टानें जामीन दिला. पुढें प्रश्न आला तो असा: खटला चालू असतां त्यांस त्याच कॉलेजांत परत जाऊन उरलेला अभ्यासक्रम पुरा करूं द्यावा काय? हायकोर्टानें २०२० च्या फेब्रुवारींत परवानगी नाकारली. सर्वोच्च न्यायालयानें ८ ऑक्टोबर २०२० रोजीं ती दिली.

सर्वोच्च न्यायालयाच्या विचाराची दिशा स्पष्ट आहे. गुन्हा शाबीत होईपर्यंत आरोपी निर्दोष समजावयाचा. वैद्यकीय शिक्षणाच्या नियमांप्रमाणें पदव्युत्तर अभ्यासक्रम ज्या संस्थेंत सुरू केला तेथेंच पुरा करावा लागतो; तेव्हां त्या कॉलेजाचें दार बंद करणें म्हणजे शिक्षणाचेंच दार बंद करणें होय. खटला प्रलंबित आहे एवढ्याच कारणानें असें झालें तर ती निकालापूर्वींची जादा शिक्षा ठरेल आणि संविधानाच्या २१ व्या अनुच्छेदाचा भंग होईल. म्हणून न्यायालयानें निलंबन स्थगित ठेवलें आणि साक्षीदारांवर कोणत्याहि प्रकारें दडपण आणूं नये, अशी अट घातली.

ज्या घरांतील मुलगी गेली त्या घरीं हा निकाल कसा वाचला गेला असेल, याची कल्पना करूनहि आम्हांस सांगावें लागतें कीं, त्याचें मुख्य तत्त्व बरोबर आहे. निलंबन ही शिक्षा नव्हे, चौकशीपुरती केलेली सोय आहे. त्यास मुदत नसेल तर तें वेषांतर केलेली शिक्षाच होतें. परंतु निबंध या दृष्टीनें पाहतां या निकालांत एक बाजू जेवढ्या तपशिलानें भरली आहे तेवढ्या तपशिलानें दुसरी भरलेली नाहीं. आरोपींच्या शिक्षणक्रमाचें काय होईल, याचा विचार नियमांच्या कलमांपर्यंत पोंचला आहे. ज्यांस त्यांच्याबरोबर त्याच वॉर्डांत काम करावयाचें, आणि पुढें कदाचित् साक्षहि द्यावयाची, त्या कनिष्ठांचा विचार मात्र एका अटींत उरकला आहे. रुग्णालयांत कनिष्ठाचा दिवस आणि रात्र वरिष्ठाच्या शब्दावर चालते. कोणती पाळी, कोणती शस्त्रक्रिया, कोणाची सही, हें सारें त्या एका शब्दांत असतें. दडपण आणूं नये, असें लिहिणें सोपें आहे; पण जेथें नुसतें समोर येऊन उभें राहणें हेंच दडपण असतें, तेथें अटीची देखरेख कोणीं आणि कशी करावयाची, हेंहि सविस्तर लिहावयास हवें होतें.

याहून मोठें न्यून मात्र न्यायालयाचें नाहीं, तें कायद्याचें आहे. १९९९ च्या कायद्यांत आरंभीं सात दिवसांची चौकशी आणि निलंबन आहे, शेवटीं फौजदारी न्यायालयांत दोषी ठरल्यावर हकालपट्टी आहे. आणि या दोहोंच्या मध्यें कॉलेजानें करावयाचें असें कांहींच नाहीं. खटल्यास किती वर्षें लागावीं याला धरबंध नसतो. तोंवर निलंबन लोंबकळत राहतें, आणि ज्या न्यायालयापुढें तें जातें त्यास तें उचलावें किंवा ठेवावें एवढाच प्रश्न उरतो. वास्तविक कॉलेजाची चौकशी आणि फौजदारी खटला या दोन निराळ्या गोष्टी आहेत. खटल्यांत संशयास जागा उरतां कामा नये. कॉलेजाच्या चौकशींत कोणता पक्ष अधिक संभवनीय ठरतो हें पाहणें पुरे. एकीचा शेवट तुरुंगांत, दुसरीचा वसतिगृहाच्या दाराशीं. आयोगाच्या २००९ च्या विनियमांनीं हा मधला मार्ग पुष्कळसा मोकळा केला आहे. वर्गांत बसूं न देणें, शिष्यवृत्ति रोखणें, परीक्षेस मनाई, वसतिगृहांतून काढणें, एक ते चार सत्रांपर्यंत बाहेर ठेवणें, अशा चढत्या शिक्षा त्यांत सांगितल्या आहेत. कॉलेजांनीं या मार्गानें जाऊन दोनतीन आठवड्यांत कारणांसहित निर्णय दिले, तर शिस्तीचा प्रश्न फौजदारी खटल्याच्या पदरास बांधून वर्षानुवर्षें फरपटत न्यावा लागणार नाहीं.

यावर एक आक्षेप आम्हांस ठाऊक आहे, आणि तो हलका नाहीं. कॉलेज म्हणजे कचेरी नव्हे. प्रिन्सिपॉल पोथी-पंचांग पाहत बसला तर घाबरलेला मुलगा तोंवर गांवीं पळून जाईल. सुनावणीच्या नांवाखालीं बड्या बापांचे मुलगे वेळ काढतील. हें सारें खरें आहे. पण तक्रारदाराचें रक्षण आणि आरोपीची शिक्षा या दोन कामांची वेळ एक नसते. रक्षण त्याच रात्रीं केलें पाहिजे: खोली बदला, रखवालदार ठेवा, आरोपींस वसतिगृहाबाहेर काढा, पोलिसांस कळवा. त्यास सुनावणीची वाट पाहण्याचें कारण नाहीं. शिक्षेस मात्र आहे. आणि त्या सुनावणीस लागतें तें फार थोडें. तक्रारदाराची हकीकत त्याच्याच शब्दांत, एकांतांत लिहून घ्यावी. प्रत्येक आरोपीस दिवस, ठिकाण आणि कृत्य यांसह आरोप लेखी द्यावा. तक्रारदाराचें नांव झांकावें, पण कृत्य झांकूं नये. उत्तर लिहून घ्यावें. ज्यानें हात उगारला, ज्यानें हुकूम सोडला आणि जो भिंतीशीं उभा राहून पाहत होता, त्या तिघांचा निर्णय तीन निराळ्या परिच्छेदांत, कारणांसह द्यावा. आणि शेवटीं तो निर्णय आरोपीस जसा कळवावा तसाच तक्रारदारासहि लेखी कळवावा. या साऱ्यास फार तर दोन दस्ते कागद लागतात. जो प्रिन्सिपॉल एवढें करील त्याचा निर्णय नागपुरास जाऊनहि सहसा उलटणार नाहीं, आणि सातव्या कलमाची तलवारहि त्याच्यावर पडणार नाहीं.

तीन निकालांची प्रतवारी लावावयाची झाली तर आम्ही रांचीच्या निकालास पहिलें स्थान देऊं. याचें श्रेय न्यायमूर्तींच्या लेखणीपेक्षां त्या अध्यापकांच्या समितीस अधिक आहे. चांगल्या परीक्षणास चांगलें मूळ लागतें. पूकोडेचा निकाल दुसरा. त्यानें अप्रिय होऊन योग्य तें सांगितलें. मुंबईच्या प्रकरणाचा निकाल तत्त्वानें खरा, पण तपशिलानें एकांगी, म्हणून तिसरा. आणि या तिन्हींतून जो एकच सिद्धान्त निघतो तो असा कीं, सुनावणी हा आरोपीवर केलेला उपकार नव्हे. ती तक्रारदाराच्या न्यायाची भिंत आहे. तीच न बांधतां ठेवलेलें छप्पर पहिल्या पावसांत त्याच्याच डोक्यावर येतें.

त्या दोन बापांचीं कामें आमच्या मित्रानें घेतलीं आहेत. एकाच्या मुलास न विचारतां काढलें. दुसऱ्याच्या मुलास न विचारतां जाऊं दिलें. त्यांतील पहिला मुलगा अपराधी आहे कीं नाहीं, आणि दुसऱ्याची हकीकत अक्षरशः खरी आहे कीं नाहीं, हें ठरविणें आमचें काम नव्हे. ज्यांचें तें काम होतें त्यांनीं ठरविण्यापूर्वी विचारलें नाहीं, एवढेंच आमचें म्हणणें आहे. आणि त्या म्हणण्याखालीं ते दोघेहि शेतकरी, एकमेकांचें तोंड न पाहतां, सही करतील.